गवाराजाला झटका कोणी द्यायचा?

एका जंगलात, बाळांनो, एक गवा राज्य करीत होता. वाघ का नाही, असं मध्येच विचारू नका. वाघाला शिकारीची कामं असतात. दिवसभर एका जागी बसून रवंथ करणं ज्याला जमतं, तोच राजा होतो.

गव्याचं नाव रणमल्ल. त्याच्या राज्यात एक रीत होती. रोज सकाळी सुतारपक्षी राजाच्या छातीला कान लावी आणि मग वाळक्या सागावर चोचीने तोच ठोका धरी. ठक, ठक, ठक. त्या ठोक्यावर हरणं चरायला निघत आणि मुंग्या रांग धरत.

एके दिवशी ठोका बिघडला. ठक. ठकठकठक. मग बराच वेळ काहीच नाही. मग पुन्हा ठकठक. मुंग्या एकमेकींच्या अंगावर चढल्या. हरणं तोंडावर आपटली.

"महाराजांनी नवा ताल काढलाय!" प्रधान हुप्पाजीराव ओरडला. हा वानर होता आणि राजाच्या शिंगावर बसून आपलं पद भूषवी. झालं! सगळे दरबारी त्या तालावर लंगडत चालू लागले. ज्याला लंगडता येईना त्याने मुद्दाम पाय मुरगाळून घेतला.

राजाला मात्र चार पावलांत धाप लागे. त्याने वैद्य साळिंदरबाईंना बोलावलं. बाई तोंडाने फटकळ, पण हाताला यश. त्यांनी छाती ऐकली आणि गंभीर झाल्या.

"महाराज, हृदयाचा ताल सुटलाय. अशा हृदयात रक्त साकळतं. ती गुठळी मेंदूत गेली, तर धडगत नाही. आधी तीन आठवडे रक्त पातळ ठेवायचं औषध घ्या. मग गुंगी देऊन डोहातल्या वीजमाशाकडून हृदयाला एक झटका देऊ. बहुतेकदा ताल परत येतो."

"आणि नाही आला तर?"

"पुढचा उपाय करू. पण हातावर हात ठेवून बसलात, तर मला भीती वाटते."

राजा हळूच म्हणाला, "बाई, भीती मलाही वाटते. मला जगायचंय. द्या झटका."

शिंगावरून हुप्पाजीराव किंचाळला, "हृदयाला झटका! ऐकलंत का हो? ही बाई महाराजांना झटका आणणार!"

"आणणार नाही, देणार," बाई म्हणाल्या. "झटका येणं वेगळं, देणं वेगळं."

"हो का? म्हणजे मरणं वेगळं, मारणं वेगळं, तसंच ना?"

सभेने टाळ्या पिटल्या. मूर्खांच्या सभेत टाळी पडली की मुद्दा सिद्ध झाला, हे लक्षात ठेवा. मोठेपणी उपयोगी पडेल.

"आणि रक्त पातळ करणार म्हणे!" एक तरस म्हणाला. "महाराजांचं खानदानी घट्ट रक्त!" त्याच्या डोळ्यांत खरोखरच पाणी आलं. औषध नाल्यात ओतलं गेलं. साळिंदरबाईंना नदीपार हाकललं.

तरी ठोक्याचं काय करायचं, हा प्रश्न उरलाच. पोपटशास्त्र्यांनी डोळे मिटून विचार केला. "बिघाड ऐकू कुठे येतो? सागावर. सागावर कोण बसतो? सुतारपक्षी. मग झटका कोणाला द्यावा?"

सुतारपक्ष्याला डोहावर नेऊन वीजमाशाला चिकटवलं. बिचारा थरथरत, पिसं पिंजारून बाहेर आला. बाळांनो, बाई गेल्यावर त्या दरबारात खरं बोलणारा तेवढा एकच होता, आणि त्या दिवसापासून तोही उरला नाही. त्याने राजाच्या छातीला कान लावणं सोडलं. ठक, ठक, ठक. अगदी एकसारखं.

जंगलात आनंदीआनंद झाला. दरबारी पुन्हा सरळ चालू लागले. पाय मुरगाळून घेतलेल्यांची तेवढी पंचाईत झाली.

"अरे, ठोका तिकडे सुधारलाय," राजा धापा टाकत म्हणाला. "माझ्या छातीत नाही! बाईंना परत बोलवा रे."

"महाराज, जरा कान देऊन ऐका," हुप्पाजीराव लाडाने म्हणाला. "आपण ठणठणीत आहात."

चौथ्या दिवशी भर सभेत राजा कलंडला. गुठळी मेंदूत गेली होती. उजवे दोन्ही पाय लुळे पडले, तोंड वाकडं झालं. डोळे नदीकडे लागले होते. सगळा जीव जिभेवर आणून तो बोलायला लागला.

"झ... झ... झ..."

सभा कानांत प्राण आणून ऐकत होती. हुप्पाजीरावाने राजाच्या तोंडाला कान लावला, मान डोलावली आणि सभेकडे वळून सांगितलं,

"महाराज म्हणतात, झकास!"

टाळ्या बराच वेळ थांबल्या नाहीत.

तात्पर्य: झटका देणाऱ्याला वेळीच हाकलून द्यावं. म्हणजे झटका दिल्याचं पाप कोणाच्याच माथी येत नाही. तो आपला आपण येतो.