दोन्हीकडं सारखं

उदगीरच्या आमच्या गल्लीत बिरादार सरांसमोर कुणी 'सात पलीकडे नेले, चिन्ह बदललं' असं म्हणालं, तर सर हातातला चहा खाली ठेवतात.

"नेले म्हंजे? पाय फुटले का साताला?"

सर गणिताचे, मी त्याच शाळेत मराठीचा. दोघंही आता निवृत्त. त्यांच्या निरोपसमारंभाला लातूरहून एक क्लासवाले पाहुणे आले होते. फ्लेक्सवर सरांना 'गणितसूर्य' केलं होतं; सूर्याचा फोटो मात्र पाहुण्यांच्या निम्मा. पाहुणे म्हणाले, "समीकरणात आहे काय? पलीकडे न्यायचं, चिन्ह बदलायचं, मार्क घ्यायचे." टाळ्या पडल्या. सर गळ्यातल्या हारासकट उठले आणि फळ्यावरच्या रंगीत 'सुस्वागतम्'खाली क्ष + ७ = ४ लिहिलं.

"पलीकडं काई जात नसतंय, साहेब. इकडून सात काढले तर तिकडून बी सात काढायचे. दोन्हीकडं सारखं. क्ष बराबर उणे तीन."

उणं उत्तर आलं की आमच्याकडची पोरं घाबरतात आणि गुपचूप उण्याची रेघ खोडतात. सरांना तेवढं खपायचं नाही. "उणं आलं म्हणून चुकलं न्हाई. जे हाय ते लिव्हायचं."

मागच्या वर्षी सरांच्या पत्नी, आमच्या वहिनी, हैदराबादला मुलाकडे गेल्या, नातीला सांभाळायला. दिवाळीला परत येणार होत्या. दिवाळी झाली, सुनेची नोकरी चालूच होती, वहिनी तिकडेच राहिल्या. तेव्हापासून सर रोज फोनवर तिकडचा स्वयंपाक विचारतात आणि इकडे तोच करतात. वरणफळं तर वरणफळं. नातीसाठी तिकडे भाजी बिनतिखट होते, म्हणून हा ठेच्यावर वाढलेला माणूस बिनतिखट दोडका खातो.

परवा सोमवारी दुपारी मी त्यांच्याकडे गरम धपाटे घेऊन गेलो. सरांनी वास घेतला आणि वर ताटली झाकली.

"तिचा उपास हाय आज."

"अहो, तुम्ही तर उपासाला पोटाची शिक्षा म्हणायचे."

"म्हणत होतो. ती तिकडं उपाशी हाय. एका बाजूनं काढलं की दुसऱ्या बाजूनं बी काढावं लागतंय, सर. न्हाई तर मधलं बराबरचं चिन्ह टिकत न्हाई."

"वहिनी येणार कधी?"

"नात शाळंत जाऊ लागली की."

नात अजून रांगते.

तेवढ्यात फोन वाजला. सरांनी आधी केस सारखे केले, मग उचलला. पलीकडून वहिनींनी नेहमीचं विचारलं असणार.

"हाव, जेवलो की. धपाटे. मराठीच्या सरांनी आणलेत, लई झाक झालेत. पोटभर जेवलो... न्हाई गं, कशाला करमंना? मजेत हाय."

धपाटे झाकलेलेच होते. सरांनी उण्याची रेघ खोडली होती. माझा विषय मराठी. गणितातली चूक मी काढत नाही.