तीन जिवंत दरपत्रके

वस्तू विकत घेणे कोणालाही जमते. दरांची तुलना करायला मात्र माणूस सुसंस्कृत असावा लागतो. कर्वेनगरातील आमच्या सोसायटीत असे सोळा सुसंस्कृत सभासद आहेत. (एकूण सदनिका सोळा.)

आमची लिफ्ट वीज वाचवण्यासाठी सकाळी दहा ते संध्याकाळी पाच बंद असते. चौथ्या मजल्यावरच्या मंदाकिनीबाईंचे दोन्ही गुडघे गेलेले. तीन वर्षांपूर्वी त्यांनी अर्ज दिला : गच्चीवर सोलर बसवावे, म्हणजे दिवसा लिफ्ट चालेल आणि मला खाली बाकावर, चार माणसांत बसता येईल. विनंती रास्त होती, म्हणून समिती नेमली. मीही तिच्यात आहे.

अध्यक्ष माधवराव हे निवृत्त लेखापरीक्षक. त्यांनी पहिल्याच बैठकीत नियम घालून दिला. तुलनेला तीन दरपत्रके हवीत आणि तिन्ही एकाच वेळी मुदतीत हवीत. मुदत संपलेल्या दराशी चालू दराची तुलना करणे हे माधवरावांच्या मते अनैतिक आहे.

दरपत्रकाची मुदत पंधरा दिवस असते. समिती महिन्यातून एकदा बसते. तिसरे दरपत्रक येईपर्यंत पहिले मेलेले असते. पहिले नव्याने मागवावे तर दुसरे जाते. बैठक पंधरवड्याला घ्यावी, असे आयटीतल्या अभयने सुचवले. पण जादा बैठक म्हणजे जादा चहा, आणि चहाच्या दराची तुलना व्हायची होती.

तीन वर्षांचे काम असे : आलेली दरपत्रके सत्तेचाळीस. गच्चीची मोजणी बावीस वेळा. तिन्ही दरपत्रके एकत्र जिवंत असण्याचा काळ एक दिवस. (त्या दिवशी माधवराव भाचीच्या साखरपुड्याला साताऱ्यात होते.)

मोजणीला बहुतेक वेळा ऋषी नावाचा सोलरवाला यायचा.

"काका, गच्ची मागच्या वेळी होती तेवढीच आहे हो."

"ते तुम्ही म्हणता," माधवराव म्हणाले. "नोंदीला मोजमाप लागतं."

लिफ्ट बंद, त्यामुळे ऋषी जिना चढून येई आणि चौथ्या मजल्यावर मंदाकिनीबाईंकडे पाणी पिई.

"या वेळी तरी घेणारेत का रे?"

"आजी, मला आता गच्चीची किल्लीच देऊन ठेवलीय त्यांनी. तुम्हीच समजा."

मग बाईंनी दुसरा अर्ज दिला : सोलर राहू द्या, दुपारी नुसता तासभर लिफ्ट चालू ठेवा. सोलरचा विषय विचाराधीन असताना लिफ्टचा वेगळा निर्णय घेतल्यास समितीच्या निष्कर्षावर परिणाम होईल, असे त्यांना लेखी कळवण्यात आले. (पत्र समितीच्या सदस्याने स्वतः चार मजले चढून नेऊन दिले. हे सौजन्य नोंदवण्यासारखे आहे.)

गेल्या महिन्यात बाई येरवड्याला पुतणीकडे तळमजल्यावर राहायला गेल्या. टेम्पो अकरा वाजता आला. नियमाला अपवाद नको, म्हणून समितीच्या चौघांनी त्यांना प्लास्टिकच्या खुर्चीत बसवून जिन्याने खाली आणले. दुसऱ्या मजल्यावर माधवराव दम घ्यायला थांबले.

"मंदाकिनीताई, आपण जरा घाई केलीत. सध्या दोन जिवंत आहेत. तिसरं शुक्रवारी येतंय."

"माधवराव," बाई म्हणाल्या, "खुर्ची सरळ धरा."

सरळ धरली. बाई तीन वर्षांत पहिल्यांदाच दहा ते पाचच्या वेळात खाली आल्या. समितीच्या कार्यकाळातील हे एकमेव प्रत्यक्ष फलित असल्याने इतिवृत्तात त्याची अभिनंदनपर नोंद केली आहे.

आता आपण. इतके सगळे वाचून झाल्यावरही, सत्तेचाळिसांत सर्वांत कमी दर कोणाचा होता, हे आपल्याला मघापासून विचारायचे आहे ना? चौथ्या मजल्यावरची सदनिका विकाऊ आहे. आपण आमच्यात शोभून दिसाल.