एका लाकडी पायाचे पक्षांतर

निसर्गाने माणसाला दोन पाय दिले, ते बहुधा त्यातला एक राष्ट्राला देता यावा म्हणून. दोन्ही दिले तर माणूस कवायतीला उभा राहू शकत नाही. एकही दिला नाही तर त्याच्या देशप्रेमाविषयी लोक दबक्या आवाजात बोलू लागतात. ऑस्ट्रियातल्या श्टायरमार्क प्रांतात लोबनित्स नावाचे लोखंडाच्या कारखान्याचे गाव आहे. तिथल्या सेव्हेरिन पिख्लरने हा व्यवहार १९१६ साली इटलीच्या सरहद्दीवर चोख पुरा केला. द्यायचे होते ते दिले: डावा पाय, गुडघ्याच्या वरून. मिळायचे होते ते असे: ब्राँझचे एक पदक, बादशहाची सही छापलेला एक कागद आणि तंबाखूविक्रीचा परवाना. पदक हिरवे पडले. बादशहा देश सोडून गेला (त्याचे दोन्ही पाय शाबूत होते). राहता राहिला परवाना, आणि सेव्हेरिनचे पुढचे सगळे आयुष्य तो परवाना टिकवण्यात गेले.

परवान्याला एक अट होती. परवानाधारकाने गल्ल्यामागे जातीने उभे राहावे, आणि तंबाखू तोलताना त्याचे दोन्ही हात मोकळे असावेत. म्हणजे कुबड्या बाद. थोडक्यात, परवाना मिळायला पाय नसणे आवश्यक, आणि तो टिकायला पाय असणे आवश्यक. असा नियम एका रात्रीत सुचत नाही. त्याला सहाशे वर्षांची राज्यकारभाराची परंपरा लागते.

आता लोबनित्सविषयी. गाव लहान असले तरी त्यात सगळे दोन दोन होते. गायनमंडळे दोन, व्यायामशाळा दोन, सायकलस्वारांचे संघ दोन, डोंगरावर एकाच खडकाच्या दोन बाजूंना विश्रामकुट्या दोन. समाजवाद्यांचा बुद्धिबळ संघ वेगळा आणि राष्ट्रवाद्यांचा वेगळा. त्यामुळे प्रत्येक संघाला आपण अजिंक्य असल्याची खात्री होती. पोस्टाची तिकिटे जमवणारेसुद्धा विभागलेले होते (तिकिटांवर बादशहा एकच होता, पण लाल मंडळी तो उलटा चिकटवत). लाल मेले की त्यांचे दहन होई, बाकीच्यांचे दफन. जिवंतपणी जे टाळले ते मेल्यावर शेजारी पडून भोगावे लागू नये, हा त्यामागचा सुज्ञ विचार. मधमाश्यांना मात्र शिस्त नव्हती. त्या कोणाच्याही फुलावर बसत, आणि म्हणून लोबनित्सच्या मधावर दोन्ही बाजूंचा विश्वास नसे.

तंबाखू तेवढी एक होती, कारण तिची मक्तेदारी सरकारची. गावात दुकान एकच, ते सेव्हेरिनचे. म्हणजे सगळ्या गावाला दिवसातून एकदा तरी त्याच्या दारातून आत यावे लागे, आणि तिकडची रीत अशी की आत येणाऱ्याला दुकानदाराने आधी नमस्कार करायचा. इथेच खरे कौशल्य. समाजवाद्याला म्हणायचे ‘मैत्री!’. चर्चवाल्याला, म्हणजे ज्यांना काळे म्हणत त्यांना, ‘देव भले करो’. राष्ट्रवाद्याला ‘हाइल!’. चुकीचा नमस्कार गेला तर माणूस आठवडाभर धूर सोडत नसे, आणि सरकारी उत्पन्न घटे. सेव्हेरिन दाराची घंटा वाजून दार मिटेपर्यंत माणूस ओळखे. चपटी टोपी असेल तर लाल. हिरवी टोपी आणि वर पीस असेल तर काळा. गुडघ्यापर्यंत पांढरे मोजे म्हणजे राष्ट्रवादी. वीस वर्षांत त्याची चूक झाली ती एकदाच: पावसात भिजलेल्या धर्मगुरूने शेजाऱ्याची टोपी घातली होती.

लालांचे पुढारी साथी श्ट्रासर. छापखान्यात खिळे जुळवणारा माणूस, आवाज घंटेसारखा. जगातले सगळे कामगार त्याचे भाऊ होते. सख्खा भाऊ काळ्यांच्या बँडमध्ये ट्रंपेट वाजवी, म्हणून त्याच्याशी मात्र बोलणे बंद होते. राष्ट्रवाद्यांचे पुढारी व्यायामशिक्षक वोंद्राक. शुद्ध जर्मन रक्तावर तो तासभर न थांबता बोलू शके. त्याच्या चेक आजोबांना जर्मनचा एक शब्द येत नव्हता. घराण्याची ती उणीव नातू एकटा भरून काढत होता.

१९२६च्या थंडीत लष्करी इस्पितळाने बसवलेला बादशाही लाकडी पाय बर्फावर घसरून उभा चिरला. परवान्याची तपासणी महिनाअखेरीस होती. सेव्हेरिनची बायको नोटबुर्गा, जिला सगळे बुर्गी म्हणत, म्हणाली, “आता काय, गल्ल्याला दोरीनं बांधून ठेवू का तुम्हाला?”

तेव्हा नगरपालिका लालांच्या हातात होती. त्यांनी नवा पाय दिला: अक्रोडाच्या लाकडाचा, पोलादी गुडघ्याचा, चामड्याच्या पट्ट्यांचा. कामगार सभागृहात समारंभ झाला. साथी श्ट्रासर गरजले, “साथी पिख्लर, भांडवलशाहीनं तुझा पाय तोडला, श्रमिकांनी तो जोडला!”

“जोडला मोरित्स लामनं,” बुर्गी शेजारणीच्या कानात म्हणाली, “आणि टाळ्या ह्यांना.”

मोरित्स लाम हा पंचक्रोशीत पाय करणारा एकमेव कारागीर. ज्यू होता, पुलापलीकडे त्याचे दुकान होते. तो कुठल्याच संघात नव्हता. म्हणजे दोन्ही बुद्धिबळ संघांत त्याने अर्ज केला होता, आणि दोन्हींकडून सभ्य भाषेत उत्तर आले होते. दुकानात आला की रीत मोडून तोच आधी ‘शुभ दिवस’ म्हणे. हा नमस्कार कुठल्याही पक्षाचा नसल्यामुळे सेव्हेरिनला उत्तर देताना विचार करावा लागत नसे. “शुभ दिवस, लामसाहेब.” दिवसातले तेवढेच एक वाक्य तो आपल्या मनाने बोले.

नव्या पायावर मांडीच्या बाजूला ठसा होता: ‘लोबनित्स कामगार साहाय्य संघाची मालमत्ता’. वोंद्राकला हे कळल्यावर तो दुकानात येऊन फक्त सेव्हेरिनच्या उजव्या बाजूशी बोलू लागला.

१९३४च्या फेब्रुवारीत काळ्यांच्या सरकारने लालांशी बंदुकीने चर्चा केली. चर्चा काही दिवस चालली. तिच्या अखेरीस समाजवादी पक्ष बेकायदा ठरला आणि त्याची सर्व मालमत्ता सरकारजमा झाली. पोलीस इन्स्पेक्टर यादी घेऊन गावभर हिंडला: गायनमंडळाचा पियानो, चाळीस मॅन्डोलिन, एक भरलेली चहाची किटली (रिकामी करून). शेवटी तो तंबाखूच्या दुकानात आला. चांगला माणूस होता. आत येताना त्याने पाय पुसले.

“पिख्लर, पाय काढ.”

“साहेब, दुकान उघडं आहे.”

“म्हणून तर म्हणतो, लवकर काढ.”

“आणि बूट?”

“बूट तुझा तू ठेव. बूट खाजगी मालमत्ता आहे. सरकार खाजगी मालमत्तेचा आदर करतं. नाहीतर एवढा गोळीबार कशासाठी केला?”

पाय कोर्टाच्या कोठारात पियानोशेजारी गेला. सेव्हेरिन बूट मांडीवर घेऊन स्टुलावर बसला. उभे राहता येत नाही म्हणजे परवाना जाणार, परवाना गेला म्हणजे वरची खोलीही जाणार. कारण खोली दुकानाच्या जोडीने मिळाली होती. बुर्गीने सकाळच्या गुलाशाच्या रश्श्यात नवे पाणी घातले.

मग एके दिवशी वोंद्राक काडेपेटी घ्यायला आला. त्याचा पक्षही त्या वेळी बेकायदाच होता. पण बेकायदा पक्षांतही कोणाकडे पैसा आहे आणि कोणाकडे पियानो, असा फरक असतो. पांढरे मोजे नीट वर ओढून तो प्रथमच दोन्ही बाजूंशी बोलला.

“बंधू पिख्लर, राष्ट्र आपल्या जखमी वीराला विसरत नाही. तुला पाय देऊ. जर्मन ओक. जर्मन हातांनी घडवलेला.”

“ओक ठीक आहे,” बुर्गी आतून म्हणाली. “हात कुठून आणलेत?”

“ग्राझहून, ताई.”

तीन आठवड्यांनी खोक्यातून पाय आला. सेव्हेरिनने चढवला. माप न घेता बनवलेला पाय असा बसला की जणू हाडाला आधीपासून ठाऊक होता. त्याने पट्ट्याची शिवण पाहिली, आणि दुपारी पूल ओलांडून लामच्या दुकानात जाऊन उभा राहिला.

लाम हसला. “ग्राझच्या दुकानाच्या नावानं ऑर्डर आली होती. ग्राझवाल्यांनी नावासकट माझ्याकडेच पाठवली. आता ओकच्या पायाचं काम घेतो कोण? नाव वाचलं आणि म्हटलं, ह्या मांडीला मी ओळखतो.”

“वोंद्राकला माहीत आहे?”

“कशाला त्यांच्या आनंदावर विरजण घालता? एवढंच सांगा बरं, जड वाटतो का?”

“नाही.”

“वाटणार नाही. आतून पोकळ केलाय. भरीव असता तर तुम्ही दुपारपर्यंत उभे राहिला नसता. त्यांना मात्र भरीव म्हणूनच राहू दे.”

परवान्याची तपासणी झाली. अधिकाऱ्याने सेव्हेरिनला उभा पाहिला, दोन्ही हात मोकळे पाहिले आणि सही केली.

१९३८च्या मार्चमध्ये जर्मन फौजा आल्या आणि वोंद्राकचा नाझी पक्ष बेकायदाचा एकदम एकमेव झाला. पांढऱ्या मोज्यांचा इतका तुटवडा पडला की लोकांनी टेबलक्लॉथ शिवून काम भागवले. लाल गायनमंडळातले निम्मे गायक नव्या गायनमंडळात गेले. चाली बहुतेक त्याच होत्या, शब्दच काय ते बदलायचे होते. इन्स्पेक्टरने टोपी बदलली. चौकातल्या सभेत सेव्हेरिनला व्यासपीठावर बसवून विजार गुडघ्यापर्यंत दुमडायला लावली आणि वोंद्राकने ओकवर टिचकी मारली. पोकळ आवाज झाला. पण त्याच क्षणी बँड सुरू झाल्यामुळे राष्ट्राची अब्रू वाचली. दुकानातले नमस्कारही आता एकावर आले. सेव्हेरिनचे काम सोपे झाले. व्यापाराच्या दृष्टीने पाहता एकपक्षीय राज्यपद्धतीचे हे लाभ पुरेसे मांडले गेलेले नाहीत.

त्याच महिन्यात लामचे दुकान वोंद्राकच्या मेहुण्याला मिळाले. मेहुणा घोड्यांची खोगिरे शिवी. पाय काय आणि खोगीर काय, दोन्हीकडे चामडे लागतेच, असा निर्णय नव्या व्यवस्थेने दिला. लामला गाव सोडून व्हिएन्नाला जाण्याचा हुकूम झाला.

जाण्याच्या दिवशी तो सिगारेटचे पाकीट घ्यायला आला. घंटा वाजली. दुकानात वोंद्राक सिगार निवडत होता. एकेक सिगार कानाशी नेऊन तो चोळून पाहत होता.

“शुभ दिवस, पिख्लरसाहेब.”

सेव्हेरिनला त्या गावातले सगळे नमस्कार पाठ होते. ह्याचे उत्तर तर त्याने आयुष्यभर दिले होते. भिंतीवर परवाना होता, वर खोली होती, खोलीत बुर्गी होती. त्याने पाकीट गल्ल्यावर ठेवले आणि तराजूकडे पाहिले. तराजूत काहीच नव्हते, तरी तो बराच वेळ पाहत राहिला.

लामने सुटे पैसे मोजून ठेवले. दारात थांबून म्हणाला, “पट्ट्याला तेल लावत जा. ओक कोरडा पडला की करकरतो.”

वोंद्राकने सिगार पेटवली. “बरोबर केलंस, बंधू. सवय मोडावी लागते.”

वरून सगळे ऐकलेली बुर्गी रात्री एवढेच म्हणाली, “शुभ दिवस म्हणायला किती पाय लागतात हो?”

लाम व्हिएन्नाहून पुढे पूर्वेकडच्या छावण्यांना जाणाऱ्या गाडीत बसवला गेला, हे गावाला ठाऊक होते. कसे ठाऊक होते ते कोणी विचारले नाही, आणि म्हणून ते कोणाला ठाऊक नव्हते.

१९४५ साली राज्य पुन्हा बदलले. नाझी पक्ष बेकायदा ठरला आणि त्याची सर्व मालमत्ता सरकारजमा झाली. इन्स्पेक्टर नवी टोपी घालून आला. थकला होता बिचारा.

“पिख्लर, पाय काढ.”

“आणि बूट—”

“बूट ठेव.”

मात्र ह्या वेळी लाल आणि काळे ह्यांनी भांडण मिटवून राज्य वाटून घेतले होते. शाळेत लाल मुख्याध्यापक असेल तर शिपाई काळा. पुलाचे एक टोक ह्यांचे, दुसरे त्यांचे. सेव्हेरिनच्या पायासाठी संयुक्त समिती नेमली गेली, आणि तिचा निर्णय होईपर्यंत परवान्याची तपासणी तहकूब झाली. कोर्टाच्या कोठारात जुना अक्रोडी पाय सापडला. मांडीचा भाग काळ्यांनी आणि पोटरीचा भाग लालांनी दुरुस्त करावा असे ठरले. पोलादी गुडघा कोणाचा, ह्यावर दोन हिवाळे गेले. पाय तोवर कीड लागून भुसभुशीत झाला होता, पट्टे उंदरांनी खाल्ले होते, आणि वोंद्राकच्या मेहुण्याने केलेल्या नव्या पायावर फक्त घोड्याला उभे राहता आले असते.

१९४९ साली वोंद्राकसारख्यांना मताचा हक्क परत मिळाला. मते बरीच होती. लाल आणि काळे दोघेही त्याला सफरचंदाची पोळी घेऊन भेटायला गेले, आणि दोघांच्या शिफारशीने तो पायाच्या समितीवर तज्ज्ञ म्हणून आला (शरीरशास्त्र हा त्याचा विषय). समितीचा ठराव असा: ‘योग्य कारागीर उपलब्ध नाही. कारण अज्ञात.’ साथी श्ट्रासरने मांडला, काळ्यांनी अनुमोदन दिले, वोंद्राकने हात वर केला. लोबनित्सच्या इतिहासात तिन्ही पक्षांचे एकमत झालेला हा पहिला ठराव. सभेनंतर बिअर पिऊन तो साजरा करण्यात आला.

पुढच्या महिन्यात परवान्याची तपासणी झाली. सेव्हेरिन स्टुलावर बसलेला आढळला. अटीप्रमाणे परवाना रद्द होऊन तो सकाळपुरता लालांच्या आणि दुपारपुरता काळ्यांच्या भाच्याला देण्यात आला. दोघांनाही दोन दोन पाय होते. अट आता सहज पाळली जाते.

सामानाची हातगाडी बुर्गीने ओढली. सेव्हेरिन तिच्यावर बसला होता, मांडीवर बूट. पुलापलीकडे लामच्या दुकानापाशी आल्यावर तो म्हणाला, “जरा थांब.” ती थांबली. तो बंद दाराकडे पाहून म्हणाला, “शुभ दिवस, लामसाहेब.”

“अकरा वर्षं उशीर झाला,” बुर्गी म्हणाली, आणि गाडी ओढू लागली.

आता शेवटचा हिशेब. साथी श्ट्रासरचा पियानो गेला, पियानो परत आला. फक्त सूर लावावे लागले. वोंद्राकची व्यायामशाळा गेली, परत आली. काळ्यांचे काही गेलेच नव्हते. इन्स्पेक्टरला तीन टोप्यांवर एक पेन्शन मिळाले. सेव्हेरिनने एक पाय बादशहाला दिला, दोन सरकारला, आणि एक नमस्कार वाचवला, तो सर्वांत महाग पडला. बाकीचे सगळे मोरित्स लामने भरले; किती, ते कोणी मोजले नाही. आणि वाचकहो, लोबनित्सवाल्यांना नावे ठेवण्याआधी एवढे आठवा, की समितीने बैठक घेतली तेव्हा तुम्हालाही काळजी होती ती पायाचीच.