पंखा लावा, जिना दिसेल

उद्या सर्किटचा पेपर होता आणि पुस्तकाचे एकही पान जागेवर राहत नव्हते. आवडाबाईंच्या खोलीतल्या पंख्याचा रेग्युलेटर जळाला होता. पंखा फिरला तर वादळासारखाच फिरे. इलेक्ट्रिकलच्या दुसऱ्या वर्षाला असलेली गंगापूरची प्रेरणा सिडकोत त्यांच्याकडेच भाड्याने राहत होती.

“मावशी, जरा वेळ बंद करू?”

“मंग उकाड्यानं मरू का मी? इजेचंच शिकती ना तू? कर की कमी!”

प्रेरणाने दोन्ही कोपरांनी पुस्तक दाबून धरले. सिरीजमध्ये रेझिस्टन्स वाढवला की करंट कमी होतो, हे त्यात स्वच्छ लिहिले होते. तिने मेन बंद केला, रेग्युलेटर काढला आणि त्याच्या जागी माळ्यावरचा शंभर वॉटचा जुना बल्ब जोडला. बल्ब मिणमिणला, पंखा शहाण्यासारखा फिरू लागला.

“लई हुशार पोरगी!” म्हणत आवडाबाई आडव्या झाल्या आणि लगेच उठल्या. “डोळ्यावर येतो गं दिवा. बंद कर.”

“त्याच्याबरोबर पंखाही बंद होईल.”

“मंग बाहीर टांग!”

प्रेरणाने वायर वाढवून बल्ब दारावरच्या झरोक्यातून जिन्यात सोडला. कित्येक वर्षांचा अंधारा जिना उजळला. संध्याकाळी गार वाटले म्हणून आवडाबाईंनी पंखा बंद केला, त्यासरशी जिन्यातला दिवाही गेला, तोच वरच्या मजल्यावरच्या मेहरुन्निसाआपा ओरडल्या, “पंखा लगाव जी! सीडी नजर नै आरी!”

आवडाबाईंनी गोधडी पांघरून पंखा लावला.

सकाळी आपांनी मिणमिणता बल्ब काढून हौसेने एलईडी बसवला. त्यातून पंख्यापुरता करंटच जाईना; पंखा ठप्प.

“माझा पंखा मारला!” आवडाबाई प्रेरणावर कडाडल्या. “रेग्युलेटर घेऊनच ये, नाय तर खोली खाली कर!”

पेपर देऊन प्रेरणा नवा रेग्युलेटर घेऊनच आली. दहा मिनिटांत पंखा पाचही वेगांनी फिरू लागला. बल्ब, वायर सगळे उतरवून ती ऐटीत दाराबाहेर आली, तर मोबाईलची बॅटरी लावून आपा उभ्या.

“पेपर कसा गेला बेटी?”

“एकदम मस्त!”

“माशाअल्ला! मग कालचा बिघाड परत बसवून दे.”

प्रेरणाने आधारासाठी मागे पाहिले. आवडाबाईंनी नजर चुकवली.

“दे बसवून, बाई,” त्या हळूच म्हणाल्या. “उजेड व्हता तं काल चार जणी चहाला टेकल्या माझ्याकडं.”