मोरघारीची सावली

एका जंगलात जनावरांपेक्षा कॅमेरे जास्त झाले होते. तर मुलांनो, त्या जंगलात अर्जुनाच्या झाडावर एक मोरघार राहत होती. मोरघार म्हणजे डोक्यावर तुरा असलेला शिकारी पक्षी. ससे, घोरपडी, रानकोंबड्या तिला टरकून असत. तिला मात्र कुणाचीच भीती नव्हती, कारण अजून तिचं रक्षण करायला कुणी आलं नव्हतं.

मग चंपतराव नावाच्या माकडाने सभा घेतली. शिकारी पक्षी कमी होत चाललेत, त्यांना वाचवायचं तर आधी ते सगळ्यांना दिसले पाहिजेत, असं त्यांनी सांगितलं. सगळ्यांना ते पटलं. दुसऱ्या दिवशी अर्जुनाखाली जत्रा भरली.

घरट्यात एकच पिल्लू होतं, कापसाच्या बोंडासारखं. पण फोटो काढताना मध्ये पानांनी भरलेली एक फांदी येत होती. चंपतरावांनी ती तोडली. हेतू शुद्ध होता, त्याबद्दल मी काही बोलणार नाही.

दुपारी ऊन थेट घरट्यात आलं. पिल्लू धापा टाकू लागलं. मोरघार पंख पसरून त्याच्यावर उभी राहिली, ती ऊन उतरेपर्यंत हललीच नाही. तो फोटो जंगलभर गाजला. त्याखाली 'आईची माया' असं लिहिलं होतं. लांडग्याचेसुद्धा डोळे पाणावले.

मोरघारीचा जोडीदार शिकार घेऊन येई आणि खालची गर्दी बघून परत फिरे. तिला जागचं हलता येत नव्हतं. पिल्लाची मान लवू लागली.

शेवटी ती वरूनच म्हणाली, "चंपतराव, मला वाचवू नका. नुसते लांब जा. पोर उपाशी आहे माझं."

"बाई, तुमच्याच भल्यासाठी चाललंय हे," चंपतराव म्हणाले. "आणि तो डावा पंख जरा वर घ्या. पिल्लाचा चेहरा झाकतोय."

पिल्लू गेलं. हे सांगताना मला अजून राग येतो. पण फोटोला मोठं बक्षीस मिळालं, म्हणजे सगळंच काही वाया गेलं नाही.

पुढच्या वर्षी मोरघारीने लांबच्या दरीत, दाट झाडीत घरटं केलं. तिथे ऊन पोचत नव्हतं आणि चंपतरावही पोचत नव्हते. पिल्लू धष्टपुष्ट झालं, उडायला शिकलं.

इकडे मोरघार कुणाच्याच कॅमेऱ्यात सापडेना. तेव्हा तिची जात संपली, असं चंपतरावांनी जड अंतःकरणाने जाहीर केलं. अर्जुनाखाली शोकसभा भरली. तोच फोटो मोठा करून त्याला हार घातला होता. चंपतराव त्या हार घातलेल्या फोटोचा फोटो काढायला सरसावले.

नेमकी तेव्हाच मोरघार आपल्या पिल्लाला घेऊन वरून उडत गेली. दोघांची सावली फोटोवर पडली.

"कोण ते मध्ये मध्ये?" मान वर न करता चंपतराव म्हणाले. "उजेड अडतोय. हाकला त्यांना."

तात्पर्य: पक्षी वाचला की नाही, हे आकाशात बघून कळत नाही, त्यासाठी फोटोच बघावा लागतो. आणि फोटो चांगला आला असेल, तर पक्ष्याने उगाच जिवंत राहून मध्ये येऊ नये.