कामोणीला बारा माहेरं

शहापूर-मुरबाडच्या रानात असे एकही झुडूप उगवत नाही, ज्याचे नाव भगीरथ विशे सरांना ठाऊक नाही. हे विधान खुद्द विशे सरांचेच असून त्याला दुसऱ्या कोणाचाही दुजोरा आजवर मिळालेला नाही.

सर कॉलेजात वनस्पतिशास्त्र शिकवत आणि उरलेल्या वेळात वाशिंदच्या 'रानमित्र मंडळा'चे सचिव असत. खरं तर उलटं होतं, पण पगार कॉलेजचा असल्यामुळे तसं म्हणता येत नसे. सचिवपदावर सरांचा भलताच जीव! लेटरहेडवर नाव, व्यासपीठावर खुर्ची, आणि पाहुण्यांसाठी आणलेला हार उरला तर तो गळ्यात. माणसाला आयुष्यात आणखी काय लागतं?

पण गेल्या वर्षी मुरबाडच्या जगदीश देसलेने, म्हणजे सरांच्या कॉलेजातल्या जुन्या दोस्ताने आणि मंडळाच्याच सभासदाने, टोकावड्याला एकसष्ट रानभाज्यांचं प्रदर्शन भरवलं आणि पेपरात फोटो छापून आणला. त्या दिवसापासून सरांना साधा वरणभातही पचेना. मंडळाच्या बैठकीत त्यांचा तोल सुटला.

"एकसष्ट? अरे, एकसष्ट तर माझ्या घरामागच्या गटारावर उगवतात! मी किन्हवलीत एकशे एक मांडून दाखवतो. एक जरी कमी भरली तर सचिवपद सोडीन!"

"लिहून दे," जगदीश म्हणाला.

सरांनी लिहून दिलं. लेटरहेडवर.

मग महिला बचत गटांच्या व्हॉट्सअ‍ॅपवर त्यांचा निरोप फिरला : 'प्रत्येक नव्या नावाच्या रानभाजीस एक स्टीलचा डबा, झाकणासकट.' हे वाक्य लिहिताना आपण कुठे पाय घालतोय हे सरांना कळलं नाही. वनस्पतिशास्त्रात सुनांचा धडा नसतो.

प्रदर्शनाच्या दिवशी सकाळी किन्हवलीच्या समाजमंदिरात बाया जथ्याने आल्या. टाकळा, कुर्डू, भारंगी, करटोली, कवळा... डबे भराभर जात होते. सर प्रत्येक जुडीपुढे नावाची पट्टी ठेवत होते आणि मनातल्या मनात जगदीशचा चेहरा रंगवत होते. साडेदहाला त्यांनी मोजलं. एकोणनव्वद! पुन्हा मोजलं. तरीही एकोणनव्वद. बारा कमी, आणि प्रमुख पाहुण्या अकराला येणार!

सरांच्या पायाखालची फरशी सरकते न सरकते तोच उंबरवाडीची गुणाबाई डोक्यावर भारा घेऊन आत आली. मागे तिच्या वाडीतल्या सुना. भारा खाली पडला. बघतात तर सगळी कामोणी! पांढरी चिमुकली फुलं, मण्याएवढी फळं, काही हिरवी, काही पिकून काळी. वांग्याच्या कुळातलं अगदी साधं झुडूप. बांधावर, उकिरड्यावर, कुठेही उगवतं.

"एवढंच, गुणाबाई? एकच भाजी?" सरांचा आवाज रडवेला झाला.

"तुमाला किती पायजेत?"

"बारा!"

"मंग बारा हायत." गुणाबाईने पदर खोचला. "आमच्या वाडीत ही कामोनी. ही गोजर टोकावड्याकडची, तिच्या माहेरी घाटी. ही मालू, तिच्याकडं कांगनी. पुढं ये गो, सांग सरांना तुमच्याकडं काय म्हनतात ते!"

एकेक सून पुढे आली. माहेरचं नाव सांगायचं म्हटल्यावर लाजऱ्यातली लाजरीसुद्धा ठणकावून बोलत होती.

"अहो, पण झाड एकच आहे ना!" सर कळवळले.

"असंना. लग्नात आमचं नाव बदलतात, तरी बाई तीच ऱ्हाते. तुमी डबा नावाला ठेवलाय का बाईला?"

सरांनी निरोप पुन्हा वाचला. डबा नावालाच होता. त्यांनी घड्याळाकडे पाहिलं, वैज्ञानिक दृष्टिकोन घडी करून आतल्या खिशात ठेवला आणि म्हणाले, "मांडा!"

आता सरांमधला कलावंत जागा झाला. एक कामोणी मुळासकट ठेवली. एकीची नुसती पानं, एकीची नुसती फळं. एक पाण्याच्या पेल्यात उभी केली, एक पंख्याखाली धरून कोमेजवली. सख्ख्या आईने ओळखली नसती! सगळ्या सुना संपल्या. मोजलं तर शंभर.

"एक! फक्त एक नाव!" सर छाती धरून बसले.

"आमच्याकडे हिला मको म्हणतात," मागून एक शहरी आवाज आला. वळून बघतात तर हर्षाली! जगदीशची बायको. माहेर किन्हवलीचंच, आईला घेऊन प्रदर्शन बघायला आलेली. सरांनी तिला झाकणासकट डबा दिला तेव्हा त्यांच्या चेहऱ्यावर जे हसू होतं, ते एरवी फक्त कॉपी पकडताना परीक्षेच्या पर्यवेक्षकांच्या चेहऱ्यावर दिसतं.

अकराला पाहुण्या आल्या. डॉक्टर दिपिका ठोंबरे, बाहेरगावच्या नामवंत वनस्पतितज्ज्ञ. सोबत जगदीश. सरांनी माइक घेतला आणि मॅडमचा परिचय धडाडीने वाचायला सुरुवात केली.

"मॅडमनी आपली पीएचडी ज्या विषयात केली तो विषय... तो म्हणजे..." सरांनी ती ओळ पुन्हा वाचली. "वांगेकुळातील रानवनस्पती."

जगातल्या एवढ्या सगळ्या कुळांतून बाईंना नेमकं हेच कूळ सापडावं!

मॅडम भिंग घेऊन निघाल्या. टाकळ्यापाशी हसल्या. भारंगीपाशी मान डोलावली. वहीत काहीतरी लिहीत पुढे सरकल्या. नव्वद नंबरला थांबल्या. एक्याण्णवला पुन्हा थांबल्या. ब्याण्णवला त्यांनी चष्मा पुसला. मागे जगदीशने गंमत म्हणून एक हिरवं फळ तोंडाकडे नेलं, तसा गुणाबाईने त्याच्या हातावर फटका मारला.

"हिरवी नाय खायची वो! ओकाऱ्या होतील!"

हात चोळता चोळता जगदीशची ट्यूब पेटली. "हिरवं फळ बाधतं, म्हणजे ही कामोणी! मॅडम, ही बाराच्या बारा कामोणीच आहे! सरळ फसवणूक! भग्या, टाक राजीनामा!"

सरांना वाटलं, त्या पेल्यातल्या पाण्यात बुडून जीव द्यावा, पण पेला लहान होता.

"अहो," हर्षाली थंडपणे म्हणाली, "एकशे एक नंबरवर कोणाचं नाव आहे, जरा वाचता का?"

जगदीशने वाचलं. 'मको. सौ. हर्षाली देसले.' त्याचा रंग त्या कोमेजलेल्या कामोणीसारखा झाला.

"जावईबापू," सासूबाईंनी विचारलं, "आमच्या घरची भाजी खोटी व्हय?"

"छे छे! ही... ही वेगळी आहे. हिच्या पानाला जरा तेज आहे."

"तेज?" गोजर उसळली. "मंग आमच्या घाटीचं पान काय आंधळं हाय? तिकडं टोकावड्यात या, दावते तुमाला!"

"घाटीसुद्धा वेगळीच, बाई! देठ बघा ना!"

"आनि कांगनी?" मालूने कमरेवर हात ठेवले.

"कांगणीचं तर विचारूच नका!"

असं करत करत जगदीश देसलेने भर सभेत बाराच्या बारा कामोण्या वेगवेगळ्या असल्याचं स्वतःच्या तोंडाने, कारणांसकट, जाहीर केलं. शेवटच्या दोघींच्या वेळी तर त्याने फुलांच्या स्वभावाचाही दाखला दिला! सर डोळे भरून ऐकत होते. इतकं सुंदर व्याख्यान त्यांनी स्वतः कधी दिलं नव्हतं.

राहिल्या मॅडम. गुणाबाई सरळ त्यांच्यापुढे गेली.

"बाई, तुमच्या आजोळी काय म्हनतात हिला?"

मॅडमनी भिंग खाली घेतलं. एक पान बोटांत चुरडून त्यांनी वास घेतला.

"लघुकावळी," त्या हळूच म्हणाल्या. "आजी कोवळा पाला खुडून आणायची. फोडणीत लसूण. भाकरी गरम."

"एकशे दोन!" गुणाबाई ओरडली आणि तिने मॅडमच्या हातात डबा ठेवला. टाळ्यांचा कडकडाट झाला! मॅडमनी डबा परत केला नाही. उलट झाकण नीट बसतं का ते बघितलं.

सरांना जग जिंकल्यासारखं वाटलं. उरलेला हार त्यांनी आपणच गळ्यात घातला आणि अभिप्रायाची वही मॅडमपुढे धरली. मॅडमनी सुवाच्य अक्षरात तीन ओळी लिहिल्या :

'नावे : एकशे दोन. झाडे : अडतीस. कामोणीची भाजी जेवणात मिळाल्यास आवडेल.'

अडतीस! म्हणजे टाकळ्यालाही माहेरं होती. कुर्डूलाही होती. साडेदहापर्यंत सरांनी एकोणनव्वद म्हणून मोजल्या होत्या त्या भाज्या नव्हत्याच, सगळ्या तालुक्याच्या सोयरिकी होत्या!

वही जगदीशने वाचली. बायको डबा घेऊन पुढे गेली आहे याची खात्री करून तो सरांच्या कानाशी लागला. "अडतीस. लिहून दिलंयस."

शब्द म्हणजे शब्द. त्या आठवड्यात सरांनी लेटरहेडवर राजीनामा लिहिला. लिहिताना दोनदा पेन ठेवलं, एकदा लेटरहेडवरून हात फिरवला. नवा सचिव निवडण्यासाठी अर्ज मागवणारी नोटीस काढणं हे सचिवाचंच काम, म्हणून तीही त्यांनीच काढली. मग न राहवून जगदीशला फोन केला.

"अर्ज टाकलास ना? अभिनंदन."

"मी? कशाला?"

"अरे, एवढा मागे लागला होतास माझ्या!"

"तुला हरवायचं होतं रे. सचिव कोणाला व्हायचंय? मंडपवाल्याचे फोन, पाहुण्यांच्या गाड्या, सगळ्यांचा चहा! वेड लागलंय का मला?"

शुक्रवारी संध्याकाळी पाच वाजता मुदत संपली. एकही अर्ज आला नाही, म्हणून नियम क्रमांक सातप्रमाणे विद्यमान सचिव पुढील तीन वर्षे कायम राहिले.