किशनमामांचे साडू

आधी माफी मागतो. आमच्या घरात कॉलेजची पायरी चढलेला मीच पहिला, आणि पायरी चढली म्हणून लिहिता येतं असं नाही. पण किशनमामांबद्दल कोणीतरी लिहायला हवं, आणि दुसरं कोणी लिहील असं दिसत नाही.

दर गुरुवारी किशनमामा कडक इस्त्रीचा सदरा घालून नांदेडच्या एका मोठ्या दवाखान्यात जायचे आणि ज्यांना जन्मात कधी पाहिलेलं नाही अशा पेशंटांना भेटून यायचे.

मामा माझ्या नात्यातले नव्हेत, सगळ्यांचेच मामा; मूळचे भोकरचे. नांदेडात माझ्या खोलीला लागूनच त्यांचं इस्त्रीचं दुकान. फार वर्षांपूर्वी त्यांनी एक हिंदी विनोदी सिनेमा पाहिला. डॉक्टरनं औषधाबरोबर थोडी मायाही द्यावी, असं सांगणारा. तो त्यांनी सोळा वेळा पाहिला. सतराव्या वेळी गेले तर टॉकीजच बंद पडलेली. "मग म्हणलं, आता आपुनच जावं," असं मामा सांगायचे.

नाडीबिडी ते बघत नसत. कॉटपाशी बसून विचारायचे, "तुमच्या बैलाचं नाव काय हो?"

लोह्याचा एक म्हातारा तीन दिवस कोणाशी बोलला नव्हता. मामांनी विचारलं तसा म्हणाला, "सर्ज्या." थोड्या वेळानं म्हणाला, "मारका हाय." मग तासभर तोच बोलत राहिला.

"बैल आठवला म्हंजे माणूस शाबूत हाय," मामा मला म्हणाले. "हाव का न्हाई?"

ट्रॅक्टरवाल्यांपुढं मात्र त्यांचं निदान अडायचं.

खरी अडचण दाराशी होती. पास फक्त नातेवाइकाला मिळायचा आणि वहीत नातं लिहावं लागायचं. मामा दरवेळी 'साडू' लिहायचे. भाऊ म्हटलं तर आडनाव जुळवावं लागतं, साडूला कसलाच पुरावा लागत नाही, हे त्यांचं संशोधन.

दारावरचे गफूरचाचा वही बघून वैतागायचे. "मामा, मागच्या गुरुवारी सात नंबरचे साडू, आज नऊ नंबरचे. सासऱ्याला पोरी किती?"

"लई हायत."

"आन नऊ नंबरला बाई हाय. बाईचा साडू कसा काय?"

"तिच्या मालकाचा."

"तिचं लग्न न्हाई झालेलं."

"हुईल की," मामा म्हणाले.

त्या दिवशी चाचांनी त्यांना दंडाला धरून बाहेर काढलं. मामांचं लक्ष चाचांच्या चुरगळलेल्या कॉलरकडे. दुसऱ्या दिवशी त्यांनी चाचांचा दुसरा युनिफॉर्म मागून आणला आणि इस्त्री करून दिला. नंतर चाचा ओरडायचे तेवढंच, पण पास द्यायचे.

यंदा मी परीक्षेसाठी लातूरला होतो. शेवटचा पेपर देऊन स्टँडवर आलो तर चाचांचा फोन.

"मामा भरती हायत. अपेंडिक्स फुटलं म्हणतेत. ऑपरेशनच्या कागदावर नातेवाइकाची सही पायजे. डॉक्टर खोळंबून राहिले. कोन्या बी एका साडूचा नंबर दे."

मी म्हटलं, "चाचा, त्यातला एकही खरा नाही. मामांचं लग्नच झालेलं नाही."

चाचा म्हणाले, "म्हंजे सासराच न्हाई?"

"कोणीच नाही."

फोन कट झाला. मी मिळेल त्या एसटीत चढलो. वाटेत दहादा फोन लावला, चाचा उचलेनात. खिडकीशी बसून मी सारखा विचार करत होतो की सही मी केली तर चालेल का, आणि केली तर नातं काय लिहायचं. शेजारी लागतो असं कुठल्या कागदावर लिहितात?

लोहा मागे पडलं आणि फोन वाजला.

"झालं ऑपरेशन," चाचा म्हणाले. "शुद्धीत हायत. डॉक्टरला बैलाचं नाव विचारून राहिलेत."

"आणि सही?"

"म्या केली."

"नातं काय लिहिलं, चाचा?"



"साडू," ते म्हणाले. "पुरावा कोन मागतो."